अनअसेलेबल: आधी बेरीज, मग भाषांतर

‘इंडिया टेक अनअसेलेबल टू-निल लीड’ असा मथळा इंग्रजी वृत्तसंस्थेकडून आला की नवा उपसंपादक काय करतो, ते आता मी न बघता सांगू शकते. तो शब्दकोश उघडतो. तिथे ‘अभेद्य’, ‘अजिंक्य’, ‘दुर्भेद्य’ असं काहीबाही सापडतं. त्यातला पहिला शब्द उचलून तो ‘भारताची अभेद्य आघाडी’ असा मथळा करतो आणि पान सोडून मोकळा होतो. सकाळी चहासोबत ते वाचणाऱ्याला काय कळतं? मालिका जिंकली की अजून जिंकायची आहे? सामने किती उरले? आणि आघाडी भेदायची म्हणजे नक्की काय करायचं?

मी सातारची. एका मराठी दैनिकाच्या क्रीडा पानावर बरीच वर्षं रात्रपाळी केली, आता पत्रकारितेच्या मुलांना भाषांतर शिकवते. या एका शब्दावर वर्गात माझा अख्खा तास जातो. हे त्याच तासाचं टिपण आहे, जरा ऐसपैस लिहिलेलं.

आधी किरकोळ गोष्टी उरकू. स्पेलिंग यू-एन, मग ए, मग डबल एस, मग ए-आय-एल, आणि शेवटी ए-बी-एल-ई. बोलताना जोर ‘सेल’वर येतो: अन-अ-सेल-अ-बल. मधला ‘अ’ गिळलात तर ‘अनसेलेबल’ होतं, आणि तो न खपणाऱ्या मालासाठीचा वेगळाच शब्द आहे. फोनमध्ये बोलून टाइप करणाऱ्यांनी आणखी जपावं. तिथे ‘अनअव्हेलेबल’ उमटलं, तर आघाडी मिळालेला संघ एकदम अनुपलब्ध होऊन बसतो.

‘असेल’ म्हणजे तुटून पडणं. मूळ लॅटिनमधलं: ‘सालिरे’ म्हणजे उडी मारणं, आणि त्याला लागलेला ‘आद’ म्हणजे एखाद्याच्या दिशेने. थोडक्यात, अंगावर झेप घेणं. ‘असॉल्ट’ त्याच घरातला, ‘इन्सल्ट’ही त्याच घरातला, आणि हल्ली प्रत्येक भाषणात येणारा ‘रेझिलियन्ट’सुद्धा. गुन्ह्याच्या इंग्रजी बातम्यांत जे ‘अनआयडेंटिफाइड असेलंट्स’ असतात, तेच आपले अज्ञात हल्लेखोर. ‘डाउट्स असेल्ड हिम’ म्हणजे त्याला शंकांनी घेरलं.

म्हणून ‘अनअसेलेबल’चा गाभा एवढाच, की याच्यावर झेप घ्यायला आता कुणाला जागा उरलेली नाही. हा कधी हरला नाही, हा सगळ्यांत बलवान आहे, हा मरणार नाही, यातलं काहीही तो शब्द म्हणत नाही. सगळा घोळ होतो तो ही बाकीची विशेषणं आपण त्याला परस्पर चिकटवल्यामुळे.

मी मुलांना लेखणी उचलण्याआधी तीन गोष्टी विचारायला लावते. हल्ला कोण करणार? कशाने करणार? आणि त्याच्या हातात अजून काय शिल्लक आहे? यातला तिसरा प्रश्न सगळ्यांत कामाचा, आणि तोच सगळे विसरतात. खेळाच्या बातमीत तर त्याचं उत्तर चक्क बेरीज-वजाबाकीत मिळतं.

क्रिकेटचा हिशेब

नियम साधा आहे. आघाडीतला फरक उरलेल्या सामन्यांपेक्षा मोठा असेल, तरच आघाडी अनअसेलेबल. फरक उरलेल्या सामन्यांइतकाच असेल, तर समोरचा मालिका जिंकू शकत नाही, पण बरोबरी करू शकतो. म्हणजे झेप घ्यायला जागा आहे. तिथे हा शब्द वापरायचा नाही, कितीही मोह झाला तरी.

उदाहरणासाठी लांब जायला नको, पुण्याजवळचं गहुंजे पुरे. ऑक्टोबर २०१९ मध्ये तिथे भारताने दक्षिण आफ्रिकेला एक डाव आणि १३७ धावांनी हरवलं. विराट कोहलीचे नाबाद २५४ त्याच सामन्यातले. विशाखापट्टणमची पहिली कसोटी आधीच जिंकलेली होती, मालिका तीन कसोटींची. २-० झालं, फरक दोनचा, शिल्लक सामना एक. रांचीत काहीही घडलं असतं तरी मालिका भारताचीच होती. ही खरी अनअसेलेबल आघाडी, आणि मराठीत तिला ‘विजयी आघाडी’ असा तयार शब्द आहे. ‘गहुंजेत भारताची मालिकेत विजयी आघाडी’. झालं काम. ‘अभेद्य’ची गरजच काय?

त्याच मैदानावर ऑक्टोबर २०२४ मध्ये उलटी गंमत झाली. न्यूझीलंडने बंगळुरूपाठोपाठ इथेही भारताला हरवलं, ११३ धावांनी. मिचेल सँटनरने सामन्यात १३ बळी घेतले. तीन कसोटींत २-० झालं आणि मायदेशात सलग १८ मालिका जिंकत आलेल्या भारताची ती साखळी तुटली. शब्द तोच, हिशेबही तोच, पण मराठी वाचकासाठी बातमीचं तोंड आता दुसरीकडे आहे. इथे ‘न्यूझीलंडची विजयी आघाडी’ चुकीचं नाही, पण मिळमिळीत आहे. मी असते तर ‘भारताने मालिका गमावली’ असं सरळ लिहिलं असतं. ‘अनअसेलेबल’ नेहमी वर असणाऱ्याच्या बाजूने बोलतो. तुमचा वाचक खाली असणाऱ्याच्या बाजूचा असेल, तर वाक्य फिरवून घ्यायचं.

आता जिथे हा शब्द बसत नाही, अशा दोन जागा. इंग्लंडच्या दौऱ्यावर भारत २-१ ने पुढे होता आणि एकच कसोटी राहिली होती. ती सप्टेंबर २०२१ मध्ये मँचेस्टरला व्हायची होती. कोरोनामुळे रद्द झाली आणि पुढे जुलै २०२२ मध्ये एजबॅस्टनला खेळवली गेली. मधल्या महिन्यांत कित्येकांनी मालिका जिंकल्यासारखंच लिहिलं. फरक एकचा, शिल्लक सामनाही एक. इंग्लंडने शेवटच्या डावात ३७८ धावांचं लक्ष्य सात गडी राखून गाठलं आणि मालिका २-२ झाली.

दुसरी जागा जुनी आहे, १९३६-३७ ची ॲशेस, म्हणजे इंग्लंड-ऑस्ट्रेलिया कसोटी मालिका. पाच कसोटींच्या मालिकेत ऑस्ट्रेलिया पहिल्या दोन हरला. ०-२. कुणालाही वाटावं की आता संपलं. पण शिल्लक सामने तीन होते. ब्रॅडमनच्या संघाने तिन्ही जिंकले आणि मालिका ३-२ ने खिशात घातली. पाचांत २-० ही भक्कम आघाडी आहे, दणदणीत आहे, हवं ते म्हणा. अनअसेलेबल नाही.

एक फसवी जागाही सांगून ठेवते. भारत-ऑस्ट्रेलियातल्या बॉर्डर-गावसकर करंडकासारख्या मालिकांत बरोबरी झाली, तर करंडक आधीच्या मानकऱ्याकडेच राहतो. २०२३ मध्ये चार कसोटींच्या मालिकेत नागपूर आणि दिल्ली जिंकून भारत २-० ने पुढे गेला, तेव्हा करंडक भारताकडेच राहणार हे पक्कं झालं, पण मालिका पक्की झाली नव्हती. पुढे इंदूरला भारत हरलाही, आणि अहमदाबाद अनिर्णित राहिल्यावर मालिका २-१ अशी संपली. म्हणजे दिल्लीनंतर करंडक हाती आणि मालिका अधांतरी, अशी स्थिती होती. अशा वेळी इंग्रजी मजकुरात ‘रिटेन’ आहे की ‘विन’, ते दोनदा वाचायचं. ‘करंडक राखला’ आणि ‘मालिका जिंकली’ या दोन वेगळ्या बातम्या आहेत.

बुद्धिबळात हा हिशेब आणखी स्वच्छ दिसतो, कारण तिथे आघाडी खरोखर अनअसेलेबल झाली की लढतच थांबवतात. नोव्हेंबर २०१३, चेन्नई, जगज्जेतेपदाची लढत, आनंद विरुद्ध कार्लसन. डाव बारा, जिंकायला साडेसहा गुण. नवव्या डावानंतर कार्लसन ६-३ ने पुढे होता. तीनचा फरक, शिल्लक डावही तीन. आनंदने तिन्ही जिंकले असते तर ६-६ झालं असतं. अशक्यप्राय, पण शक्य. म्हणून दहावा डाव खेळावाच लागला. तो बरोबरीत सुटला, कार्लसनचे साडेसहा झाले, आणि उरलेले दोन डाव कुणी मांडलेच नाहीत. वर्गात मी विचारते, नवव्या डावानंतर इंग्रजीत काय लिहाल? ‘अनअसेलेबल’ म्हणणाऱ्याला परत बसवते. ‘व्हर्च्युअली अनअसेलेबल’ म्हणणाऱ्याला पुढे बोलू देते.

हा ‘व्हर्च्युअली’ म्हणजे ‘जवळजवळ’. इंग्रजी पत्रकार ‘नियर-अनअसेलेबल’, ‘सीमिंगली अनअसेलेबल’ असंही लिहितात. हे छोटे शब्द भाषांतरात गाळायचे नाहीत, कारण लेखकाने आपली मान सोडवून घेतली आहे ती त्यांच्याच जोरावर. तुम्ही ते गाळलेत तर मान तुमची अडकते. ‘मालिका जवळपास खिशात’, ‘आता चमत्कारच व्हायला हवा’, ‘पराभवाची भीती नाही’ हे तीनही चालतात, स्थिती पाहून निवडायचं. ‘व्हेरी अनअसेलेबल’ मात्र इंग्रजीत लिहू नका. जागा उरली आहे किंवा उरलेली नाही, त्यात कमी-जास्त होत नाही.

मतमोजणीच्या दिवशी

निवडणुकीच्या इंग्रजी बातम्यांत हा शब्द दुपारनंतर दिसायला लागतो. हिशेब तोच: पहिल्या आणि दुसऱ्या उमेदवारातला फरक मोजायच्या उरलेल्या मतांपेक्षा जास्त असेल, तर निकाल घोषित झालेला नसला तरी ठरलेला असतो. फेऱ्या किती झाल्या, किती राहिल्या, आणि राहिलेल्या फेऱ्यांत मतं किती, हे मतमोजणी केंद्रावरच्या वार्ताहराला विचारल्याशिवाय ‘विजय निश्चित’ लिहायचं नाही. इंग्रजी वाहिनीवरचा निवेदक हा शब्द घाईत फेकतो. तो बोलून मोकळा होतो, तुमचं छापलेलं राहतं.

महाराष्ट्रात इथे आणखी एक खड्डा आहे. आपल्याकडे ‘आघाडी’ म्हणजे पक्षांची युतीसुद्धा. ‘आघाडीला अभेद्य आघाडी’ असा मथळा कुणी खरंच करणार नाही असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्ही रात्री अडीचला पान लावलेलं नाही. निवडणुकीच्या बातमीत मी ‘आघाडी’ शब्द युतीपुरता ठेवते आणि ‘लीड’साठी ‘मताधिक्य’ वापरते. ‘न तुटणारं मताधिक्य’ ऐकायला बरं वाटतं. किंवा सरळ वाक्य करावं: ‘उरलेली सगळी मतं प्रतिस्पर्ध्याला पडली, तरी आता फरक पडणार नाही.’ लांब आहे, पण वाचणाऱ्याला कळतं. विधानसभेत २८८ पैकी १४५ जागा मिळाल्या की बहुमत होतं. ‘अनअसेलेबल मेजॉरिटी’ मात्र त्याच्या बरीच पुढची, चार-दोन आमदार फुटले तरी सरकार न हलणारी. तिला ‘भक्कम बहुमत’ म्हणावं. ‘निर्विवाद बहुमत’ आपल्याकडे रूढ आहे आणि चुकीचंही नाही, पण १४६ जागांना कुणी ते लावलं, तर मी कापते.

किल्ल्याला काय म्हणावं

शब्दकोशात ‘अभेद्य’ आणि ‘अजिंक्य’ आले कुठून? लढाईतून. तिथे ते योग्यच आहेत, फक्त एकमेकांच्या जागी नाहीत.

माझ्या गच्चीवरून अजिंक्यतारा दिसतो. नावातच अजिंक्य. डिसेंबर १६९९ मध्ये औरंगजेबाच्या फौजांनी साताऱ्याच्या या किल्ल्याला वेढा घातला. किल्लेदार प्रयागजी प्रभू होते. मोगलांनी सुरुंग पेरले, त्यातल्या एकाने त्यांचीच माणसं गाडली गेली. मार्च १७०० मध्ये सिंहगडावर राजाराम महाराज वारले आणि एप्रिलमध्ये किल्ला मोगलांच्या हाती गेला. त्यांनी त्याचं नाव ठेवलं आझमतारा. पुढे मराठ्यांनी तो परत घेतला, अजिंक्यतारा केला. १८१८ मध्ये इंग्रजांनी घेतला. म्हणजे अजिंक्य हे वर्णन नव्हतं, ती इच्छा होती. इंग्रजीत या किल्ल्याला तुम्ही ‘अनकाँकर्ड’ लिहिलंत, तर तो इतिहास नाही, नावाचं भाषांतर झालं.

जंजिऱ्याची गोष्ट वेगळी. शिवाजी महाराजांनी त्याच्यावर पुन्हा पुन्हा मोहिमा काढल्या, समोर पद्मदुर्ग बांधला. संभाजी महाराजांनी १६८२ मध्ये खाडीत भराव घालून वाट करायचा प्रयत्न केला. जंजिरा पडला नाही. सिद्द्यांकडेच राहिला आणि १९४८ मध्ये संस्थान भारतात विलीन झालं. जंजिऱ्याला इंग्रजीत ‘अनअसेलेबल’ म्हणता येईल का? माझं मत, नाही. त्याच्यावर हल्ले भरपूर झाले, फक्त तो घेता आला नाही. त्याला ‘इम्प्रेग्नेबल’ म्हणावं. हा शब्द घेणं, पकडणं या अर्थाच्या फ्रेंच क्रियापदावरून आलेला आहे. गर्भधारणेशी त्याचा संबंध नाही, मुलं दरवर्षी हसतात म्हणून सांगून ठेवलं. मराठीत तिथे ‘अजिंक्य’ बसतो. ‘अभेद्य’ तटबंदीला, चिलखताला, सुरक्षाकड्याला, राहुल द्रविडच्या बचावाला. ‘अनअसेलेबल’ हे जागेचं, स्थितीचं विशेषण: जिथे हल्लेखोराला पाय रोवायलाच जमीन नाही. रायगडाचा टकमक टोकाकडचा कडा या अर्थाने अनअसेलेबल. तिकडून चढाई कुणी करत नाही.

पण तोच रायगड पाहा. मे १८१८ मध्ये इंग्रजांनी समोरच्या पोटल्याच्या डोंगरावर तोफा चढवल्या आणि तिथून गडावर मारा केला. दुसऱ्या बाजीरावाच्या पत्नी वाराणसीबाई तेव्हा गडावर होत्या. गड गेला. कडा जिथे होता तिथेच होता, हल्ल्याचं साधन बदललं. म्हणून मघाचा दुसरा प्रश्न: कशाने? इतिहासाच्या मजकुरात ‘अनअसेलेबल पोझिशन’ आलं, की ती कोणत्या शस्त्रासमोर आणि कोणत्या काळात, हे वाक्यात कुठेतरी यायला हवं. ‘त्या काळच्या तोफांच्या माऱ्यापलीकडे असलेली जागा’ असं लिहिलं की वाचकाला डोंगर दिसतो. नुसतं ‘दुर्भेद्य ठिकाण’ लिहिलं की काहीच दिसत नाही. सिंगापूरला ब्रिटिश ‘इम्प्रेग्नेबल फोर्ट्रेस’ म्हणत. १५ फेब्रुवारी १९४२ ला ते जपान्यांच्या हाती गेलं. अशी विशेषणं मूळ मजकुरात कुणाच्या तोंडी आहेत, ते भाषांतरात कळलं पाहिजे. ‘अजिंक्य मानला जाणारा’ यातला ‘मानला जाणारा’ फार उपयोगी आहे.

वादात, कोर्टात, माणसाबद्दल

इंग्रजी अग्रलेख आणि निकालपत्रं भाषांतर करणाऱ्यांना हा शब्द ‘आर्ग्युमेंट’, ‘लॉजिक’, ‘एव्हिडन्स’ यांच्याबरोबर भेटतो. इथे मराठी इतकी श्रीमंत आहे, की ‘अभेद्य युक्तिवाद’ लिहिणाऱ्याची मला कीव येते. बिनतोड युक्तिवाद. न खोडता येणारा पुरावा. वादातीत मुद्दा. ‘त्यांनी असा मुद्दा मांडला की समोरचे निरुत्तर झाले.’ क्रियापदाने सांगता येत असेल, तर विशेषण शोधतच बसू नये.

एक वाक्य जवळून बघू. ‘हर पोझिशन ऑन द लँड डिस्प्यूट वॉज अनअसेलेबल, एव्हरी पेपर वॉज इन ऑर्डर.’ पहिल्या फटक्यात मुलं लिहितात: ‘जमिनीच्या वादाबाबत तिची स्थिती अभेद्य होती, प्रत्येक कागद क्रमाने होता.’ इथे ‘पोझिशन’ म्हणजे स्थिती नाही, बाजू आहे. आणि ‘इन ऑर्डर’ म्हणजे क्रमाने नाही, चोख. आता तीन प्रश्न विचारा. हल्ला कोण करणार? दावा लावणारे भाऊबंद. कशाने? कागदांत खोट काढून. काय शिल्लक आहे? काहीच नाही, कारण सातबारा, फेरफार, खरेदीखत, सगळं जागच्या जागी. मग वाक्य आपोआप येतं: ‘जमिनीच्या वादात तिची बाजू इतकी पक्की होती, की बोट ठेवायला जागा नव्हती. एकूण एक कागद चोख होता.’ ‘बोट ठेवायला जागा नाही’ ही माझ्या मते ‘अनअसेलेबल’ची मराठीतली सख्खी बहीण. दोन्हींत जागाच संपलेली आहे. मूळ मजकुरात सातबारा नसेल तर तुम्ही तो घालायचा नाही, एवढं मात्र पाळा. तो मी तुम्हाला समजावण्यापुरता आणला.

माणसाच्या चारित्र्याबद्दल असेल, तर ‘ज्यांच्याकडे कुणी बोट दाखवणार नाही’ किंवा ‘निष्कलंक’. तिथे इंग्रजीत ‘अनइम्पीचेबल’ जास्त नेमका, तोही तुमच्यासमोर येईलच. हक्काबद्दल असेल, तर ‘अबाधित’. अधिकाराबद्दल असेल, म्हणजे ‘हिज अथॉरिटी इन द व्हिलेज वॉज अनअसेलेबल’, तर ‘गावात त्यांच्या शब्दापुढे जायची कुणाची टाप नव्हती’. बाजारातल्या कंपनीबद्दल असेल, तर आधी ते वाक्य कंपनीच्याच प्रसिद्धिपत्रकातलं आहे का ते बघा. असलं, तर ‘कंपनीचा दावा’ हे दोन शब्द जोडल्याशिवाय छापू नका. फोटोच्या फिल्ममध्ये कोडॅकला हात लावणारं कोण होतं? जानेवारी २०१२ मध्ये तिने दिवाळखोरीचा अर्ज केला.

भावंडं, आणि एक शब्द मी वापरूच देत नाही

‘इन्व्हिन्सिबल’ म्हणजे जिंकता न येणारा. हा योद्ध्याला, संघाला लागतो. १९४८ मध्ये ब्रॅडमनचा ऑस्ट्रेलियन संघ इंग्लंडच्या दौऱ्यावर ३४ सामने खेळला आणि एकही हरला नाही. त्यांना ‘द इन्व्हिन्सिबल्स’ म्हणतात. २५ जिंकले, ९ अनिर्णित. म्हणजे सगळे जिंकलेले नव्हते. मराठीत ‘अजिंक्य संघ’ ठीक, पण बातमीत ‘अपराजित’ जास्त प्रामाणिक.

‘इन्व्हल्नरेबल’ म्हणजे ज्याला जखम होत नाही. हा शरीराला आणि मनाला लागतो. हिरण्यकशिपू डोळ्यांसमोर आणा. माणसाकडून नाही, पशूकडून नाही; घरात नाही, बाहेर नाही; दिवसा नाही, रात्री नाही. त्याने हल्ल्याच्या वाटांची यादीच करून वर मागितला, आणि नरसिंह त्या यादीतल्या फटींतून आला, उंबरठ्यावर, तिन्हीसांजेला. इंग्रजीत अशांना ‘सीमिंगली इन्व्हल्नरेबल’ म्हणावं लागेल. दुर्योधनाची मांडी हाही त्याच वर्गातला किस्सा. ‘अवध्य’ हा आपला जुना शब्द छान आहे, पण पौराणिक मजकुराबाहेर तो नाटकी वाटतो.

‘इनव्हायोलेबल’ म्हणजे ज्याचा भंग करता येत नाही; तो सीमेला, शपथेला, घटनादत्त हक्काला. ‘इर्रेफ्युटेबल’ म्हणजे खोडता न येणारा; तो फक्त म्हणण्याला आणि पुराव्याला. यांच्यावर जास्त वेळ घालवायला नको.

राहिला ‘अनटचेबल’. इंग्रजी क्रीडा पत्रकार फॉर्मात असलेल्या फलंदाजाला सर्रास ‘अनटचेबल’ म्हणतात, म्हणजे त्याच्या जवळपास कुणी नाही. बाहेरच्या इंग्रजीत तो निरुपद्रवी आहे. आपल्याकडे नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद १७ ने जी प्रथा नष्ट केली, तिचं नाव या शब्दात आहे, आणि ती सोसलेल्या घरांतली मुलं माझ्या वर्गात बसतात. मूळ बातमीत तो आला, की मी ‘त्याच्या आसपास कुणी नाही’ किंवा ‘त्याला तोड नाही’ असं करते. इंग्रजीतून इंग्रजीत मजकूर ठीक करायचा असेल, तर तिथे ‘अनअसेलेबल’ किंवा ‘पीअरलेस’ टाकते. कुणी याला अतिसावधपणा म्हणालं, तर म्हणू दे.

तिरकस वापर

इंग्रजी ललित लेखनात हा शब्द पुष्कळदा हसत हसत येतो. ‘विथ द अनअसेलेबल लॉजिक ऑफ अ फोर-इयर-ओल्ड’, ‘अनअसेलेबल सेल्फ-कॉन्फिडन्स’. इथे बिनतोडपणा खरा नसतो. समोरच्याला हरकत घ्यायचं सुचतच नाही, एवढंच. मराठीत अशा जागी भारी विशेषण मुद्दाम ठेवावं, म्हणजे विनोद टिकतो. ‘चार वर्षांच्या पोराचं बिनतोड तर्कशास्त्र’ छान चालतं. आत्मविश्वासाला मात्र ‘बिनतोड’ लागत नाही. तिथे ‘त्याचा आत्मविश्वास असा, की ब्रह्मदेव आला तरी हलणार नाही’. मूळ मजकुरात कुत्सितपणा असेल तर कुत्सित, माया असेल तर माया. हे ओळखायला आधीची दोन वाक्यं वाचावी लागतात, आणि घाईत तीच वाचली जात नाहीत.

तुम्हाला स्वतःला इंग्रजीत लिहायचं असेल, तर थोडं व्याकरण. आधी ‘ॲन’ येतो. ‘लीड’बरोबर क्रियापदं ठरलेली: टेक, बिल्ड, ओपन अप, होल्ड. मालिकेसाठी ‘इन’, प्रतिस्पर्ध्यासाठी ‘ओव्हर’, गुणांसाठी ‘ऑफ’. ‘अनअसेलेबल व्हिक्टरी’ लिहू नका. विजय झाला की हल्ल्याचा प्रश्न मिटलाच. ‘ते आता अनअसेलेबल झाले’ हे ‘दे लुक अनअसेलेबल’ असं चालतं, आणि अशा ‘लुक’मध्ये मघाचीच ती मान सोडवून घेण्याची सोय असते. नकार काढून नुसतं ‘असेलेबल’ लिहिलंत, तर शब्द बरोबर आहे, पण फारसं कुणी वापरत नाही. वाचणारा अडखळेल. त्याऐवजी ‘ओपन टू अटॅक’.

आता सरावाला तीन वाक्यं, माझ्या उत्तरांसकट. ‘इंग्लंड टुक ॲन अनअसेलेबल थ्री-वन लीड ॲट साउदॅम्प्टन’: हे २०१८ चं, मालिका पाच कसोटींची, शिल्लक एक, फरक दोन. हिशेब जुळतो, म्हणून ‘साउदॅम्प्टनला भारताने कसोटीसह मालिकाही गमावली’. ‘शी स्पोक फ्रॉम ॲन अनअसेलेबल हाइट’: मागेपुढे काय आहे ते पाहिल्याशिवाय हात लावू नका. अभिमानाने लिहिलं असेल तर ‘तिच्या उंचीला पोहोचणारं तिथे कुणी नव्हतं’, टोमणा असेल तर ‘ती आभाळातून बोलत होती’. आणि ‘द चॅम्पियन्स आर सिक्स पॉइंट्स क्लिअर, ॲन अनअसेलेबल लीड विथ टू मॅचेस टु प्ले’: इथे आधी स्पर्धा कोणती ते विचारा. विजयाला दोन गुण असलेल्या स्पर्धेत प्रतिस्पर्ध्याला दोन सामन्यांतून जास्तीत जास्त चारच मिळतात, मग ‘अव्वल स्थान पक्कं’ लिहा. पण विजयाला तीन गुण असलेल्या फुटबॉल लीगमध्ये दोन सामन्यांत सहा मिळतात आणि बरोबरी होऊ शकते. तेव्हा शब्द वार्ताहराचा असला, तरी वृत्तसंस्थेला फोन करा.